कामरूपी

दसऱ्याच्या आधी काही आठवडे पश्चिम दिल्लीतील तितारपूरच्या रस्त्याने जाणाऱ्यास रावणाची मस्तके पदपथावर ओळीने मांडून ठेवलेली दिसतात. बांबूच्या कामट्यांचा सांगाडा, त्यावर डकवलेला कागद, कागदावर भडक रंग आणि प्रत्येक तोंडाला गालभर पसरलेल्या मिशा. धडे निराळी पडलेली, मस्तके निराळी. तेथून ती शहरभर जातात, रामलीलेच्या मैदानांवर एकमेकांस जोडली जातात आणि विजयादशमीच्या संध्याकाळी कुंभकर्ण व मेघनाद यांच्या समवेत भस्म होतात. ज्यांचा दसरा आपट्याच्या पानांचा, अशा आम्हां मराठी चाकरमान्यांस हे दृश्य पहिल्या वर्षी फार भव्य वाटते. पुढे त्याची सवय होते, आणि सवय झाली की भव्यतेआडचे नको ते विचार सुचू लागतात.

आम्हांस सुचलेला विचार असा, की रावणाने ज्या रूपात अपराध केला ते रूप कोणीच जाळीत नाही. पंचवटीतील पर्णकुटीपुढे तो दहा तोंडांनी उभा राहिला नव्हता. काषाय वस्त्र, हाती दंड आणि कमंडलू, मुखी वेदघोष अशा परिव्राजकाच्या रूपाने तो आला आणि सीतेने त्याला अतिथी म्हणून आसन दिले. दहा मस्तकांचे अक्राळविक्राळ रूप त्याने मागाहून प्रकट केले. एका परीने पाहता त्या दिवशी त्याने केलेली तेवढीच एक प्रामाणिक गोष्ट होती. आपण दरसाल जाळतो ते त्याचे खरे रूप. खोटे रूप सुटून जाते, आणि दुसऱ्या दिवशी कोणाच्या दारात कोणत्या वेषाने उभे राहते, याचा पत्ता लागत नाही.

वाल्मीकींच्या काव्यात अशा प्राण्यांसाठी एक सुरेख शब्द आहे: कामरूपी. इच्छेस येईल ते रूप जो घेतो तो. राक्षस ही कामरूपी जात. मारीच सुवर्णमृग होतो, बाण लागताच मृगदेह टाकून आपल्या मूळच्या देहात मरतो. पण मरताना ओरडतो तो मात्र रामाच्या आवाजात. देह सुटला तरी उसना आवाज सुटला नाही, ही कवीची योजना विलक्षण आहे. कल्पनेने निर्माण केलेली ही जात आपल्याच देशात आहे असेही नाही. होमरच्या ‘ओडिसी’त समुद्रातला म्हातारा प्रोटियस आहे. मेनेलेअस त्याला पकडतो तेव्हा तो सिंह होतो, सर्प होतो, पाणी होतो, वृक्ष होतो. मिठी सुटली नाही तेव्हाच तो आपल्या रूपावर येऊन खरे बोलतो. जपानी कथांतून कोल्हे स्त्रीचे रूप घेऊन संसार थाटतात. आमच्या कोकणात आणि घाटावरही रात्रीच्या वाटसरूला रान फिरवणारा चकवा आहे आणि सुंदर स्त्री होऊन भेटणारी हडळ आहे. अलीकडे मुलांच्या हाती दिसणाऱ्या जाडजूड अद्भुत कादंबऱ्यांतही हीच जात नवनवी नावे घेऊन वावरत असते. नाव बदलले तरी भय तेच.

हे भय कशाचे? अक्राळविक्राळ रूपाचे खास नव्हे. तसे असते तर वाघाने आमचे काम भागले असते. माणसाचा माणसावरचा विश्वास हा पुष्कळसा रूपावरचा विश्वास असतो. ओळखीचा चेहरा, भगवे वस्त्र, खाकी गणवेष, कागदावरचा गोल शिक्का, एवढ्यावर आपण दार उघडतो. प्रत्येक वेळी आतला माणूस तपासून पाहावयाचे ठरवले तर भाजी घेणेही अशक्य व्हावे. कामरूपी प्राणी या उधारीवरच्या विश्वासाची नाणीच खोटी करतो. रावणाने सीतेला फसवले, एवढ्याने त्याचा अपराध संपत नाही. त्याने पुढच्या प्रत्येक खऱ्या भिक्षूच्या झोळीत संशय टाकला.

आता कोणी म्हणेल, की मग रूप पालटणे हेच मुळी पाप. आमच्या लहानपणी नीतिपाठांत ‘आत एक बाहेर एक’ हा दोष म्हणूनच शिकविला जाई. परंतु कवी एवढे सोपे उत्तर देऊ इच्छीत नाही. अरण्यकांडात रावण भिक्षू होऊन येतो आणि पुढच्याच, किष्किंधाकांडात हनुमानही भिक्षूच होऊन येतो! वानरही कामरूपीच. ऋष्यमूकावरून दोन धनुर्धर तरुण दिसले; हे वालीचे हेर असतील या शंकेने सुग्रीव गळाठला आणि त्याने हनुमानास पुढे पाठविले. तेच सोंग, तेच भाविक रूप, आणि दोघांचाही हेतू समोरच्याचे अंतरंग काढून घेण्याचा. ज्याची पत्नी एका खोट्या भिक्षूने नुकतीच पळविली आहे त्या रामापुढे दुसरा खोटा भिक्षू उभा करण्यात कवीला काही म्हणावयाचे नसेल, हे आम्हांस पटत नाही. भेद एवढाच, की राम-लक्ष्मणांनी उत्तराचा एक शब्द उच्चारण्यापूर्वीच हनुमान आपण होऊन सांगून टाकतो: मी वानर आहे, सुग्रीवाचा मंत्री आहे, हा भिक्षूचा वेष घेतलेला आहे. रावणानेही आपले नाव पुढे सांगितलेच. पण सीतेने आतिथ्य केल्यावर आणि पळून जाण्यास वाट उरली नाही तेव्हा. सांगितले दोघांनीही, एकाने समोरच्याचे काही बिघडण्यापूर्वी, दुसऱ्याने बिघडल्यावर.

दोष जातीचा म्हणावा तर महाभारतातील हिडिंबा आडवी येते. ती राक्षसी, कामरूपिणी, भावाने माणसे मारून आणण्यास धाडलेली. भीमासमोर येताना तिने मानुषी स्त्रीचे सुंदर रूप घेतले. पण त्या रूपाने पहिली गोष्ट जर कोणती केली असेल तर आपण कोण, कोणी पाठविले आणि कशासाठी, हे सांगून टाकले. रूप खोटे आणि वाणी खरी, असा हा प्रकार. उलट रूप खरे आणि वाणी खोटी असणारी माणसे आपण रोज पाहतो, आणि त्यांना राक्षस म्हणण्याची चाल नाही.

सृष्टीतल्या किड्यामुंग्यांना या वादात ओढण्यात अर्थ नाही, तरी एक वाक्य त्यांच्यासाठी. बेट्स या इंग्रज निसर्गशास्त्रज्ञाने अॅमेझॉनच्या अरण्यातील फुलपाखरांवरून १८६२ साली दाखवून दिले, की पक्ष्यांना बेचव लागणाऱ्या जातीचे रंग दुसरी निरुपद्रवी जात अंगावर वागविते आणि जीव वाचविते; आपल्या बागांतून लिंबाच्या झाडावर वाढणाऱ्या एका काळ्या फुलपाखराच्या कित्येक माद्या हेच करतात. पण त्या मादीला ‘मी ती नव्हे’ असे सांगण्याची सोय नाही. ज्याला सांगता येते आणि जो सांगत नाही, तेथून नीतीचा प्रश्न सुरू होतो.

आपल्या महाराष्ट्रात ज्यांनी या प्रश्नाचा धंदाच केला ते बहुरूपी. भटक्या जमातींच्या शासकीय यादीत त्यांचे नाव आहे आणि आमच्या पिढीच्या आठवणीत त्यांचा पोलीस आहे. सकाळी दारात खाकी कपड्यातला हवालदार उभा, हातात वही, तुमच्यावर वॉरंट आहे, मुकाट्याने चला. घरातील माणसांचे चेहरे क्षणभर उतरत. मग आरोप वाढत वाढत इतके अफलातून होत, की अंगणात हशा पिके, आणि हवालदार टोपी काढून हात पुढे करी. त्या हातावर धान्य किंवा पैसा पडे. बहुरूप्याच्या व्यवसायाचा सारा धर्म त्या टोपी काढण्यात आहे. सोंग जितके हुबेहूब तितकी बिदागी मोठी. पण ती मिळावयाची सोंग उतरवल्यावर. न उतरवता घेतली तर ती लाच.

दिल्लीतही हे लोक होते, आहेत. शादीपूरजवळच्या कठपुतली कॉलनीत कळसूत्री बाहुल्यांचे खेळ करणारे, जादूगार, डोंबारी यांच्याबरोबर तेही राहत; ती वसाहत २०१७ साली पाडण्यात आली. त्यांच्याविषयीची एक लोककथा उत्तरेकडे पुष्कळांच्या तोंडी आहे. तीत इतिहास शोधू नये. औरंगजेबाकडे एक बहुरूपी बक्षीस मागू लागला. बादशहा म्हणाला, आम्हांला फसवून दाखव, मग माग. त्याने नाना सोंगे केली आणि प्रत्येक वेळी ओळखला गेला. मग तो दिसेनासा झाला. कित्येक वर्षांनी बादशहा दख्खनच्या मोहिमेवर निघाला असता वाटेत एका निःसंग फकिराची कीर्ती त्याच्या कानी आली. तो दर्शनास गेला, चरणांशी बसला, आणि गावेच्या गावे इनाम देऊ लागला. फकिराने ती पायानेही स्पर्शली नाहीत. दुसऱ्या दिवशी तोच मनुष्य दरबारी येऊन मुजरा करून म्हणाला, हुजूर, मी बहुरूपी. माझी ठरलेली बिदागी मिळावी. बादशहाने विचारले, काल एवढे देत होतो ते का घेतले नाहीस? तो म्हणाला, काल मी फकिराच्या रूपात होतो. घेतले असते तर त्या रूपाला बट्टा लागला असता.

ही कथा आम्हांस फार आवडे. आवडे असे म्हणतो, कारण मध्यंतरी तिचा आम्ही दुरुपयोग केला. तो सांगितल्यावाचून पुढे जाणे बरे नव्हे.

आमच्या टेबलाशी एकदा सातारा जिल्ह्यातील एक वृद्ध गृहस्थ आले. मुलगा नोकरीत असता वारलेला; सुनेचे कुटुंब-निवृत्तिवेतन अडकलेले. निजामुद्दीनला पहाटे उतरून, हातातल्या पिशवीसकट ते थेट कार्यालयात आले होते. त्यांनी जुळवून आणलेल्या हिंदीतल्या पहिल्या वाक्यातच ‘पोरगा’ हा शब्द आला आणि आम्ही ओळखले. त्यांनी आम्हांस ओळखण्याचा संभव नव्हता. कारकुनाच्या टेबलावर नावाची पाटी नसते, आणि आमची हिंदी, हे सांगताना त्या काळी आमची मान किंचित ताठ होई, निर्दोष आहे. आम्ही हिंदीतच उत्तर दिले. कागद चाळले, एके ठिकाणी बोट ठेवले आणि म्हणालो, “इस पर आपत्ति है. कल आइए.” ते काही वेळ तसेच उभे राहिले. काहीतरी विचारू पाहत होते. आम्ही पुढचा कागद उचलला.

संध्याकाळी घरी येताना मनास थोडी टोचणी लागली, तेव्हा आम्ही त्या फकिराला साक्षीला बोलाविले. आम्ही सरकारी खुर्चीचे रूप घेतले आहे. त्या रूपाला मातृभाषा नाही, गाव नाही, आडनाव नाही. आपल्या भागातील माणूस दिसताच जर आम्ही त्या रूपातून बाहेर येऊ लागलो तर रूपाला बट्टा लागेल. तामिळनाडूचा मनुष्य आला असता तर त्याला हिंदीच मिळाली असती. मग साताऱ्याच्या माणसाला अधिक का मिळावे? युक्तिवाद चांगला होता. प्रशासनाविषयीच्या कोणत्याही निबंधात शोभला असता, आणि आम्ही अजूनही म्हणतो, की त्यात तथ्य आहे. निःपक्षपात हेही एक सोंगच आहे. मनुष्य जन्मतः निःपक्षपाती नसतो. आणि हे सोंग जो नीट वठवतो तो समाजाचे मोठेच काम करतो.

परंतु त्या युक्तिवादात दोन छिद्रे होती. एक असे, की तामिळ माणसापुढे आम्ही काही लपवीत नसतो. ती भाषा आमच्यापाशी नाहीच. ज्याच्या खिशात किल्ली नाही त्याने दार न उघडणे निराळे, आणि किल्ली मुठीत धरून बाहेर तिष्ठणाऱ्याकडे पाहत राहणे निराळे. दुसरे छिद्र त्याहून मोठे. फकिराने रूप सांभाळले त्याची किंमत त्याने स्वतः मोजली. गावे त्याची गेली. आमच्या रूपाची किंमत टेबलापलीकडचा म्हातारा मोजत होता, आणि ती किती हे आम्हांस ठाऊकदेखील नव्हते.

खरे कारण निःपक्षपाताचे नव्हतेच. आमच्याच विभागातील एका सहकाऱ्याने पूर्वी कधी तरी म्हटले होते, “आप तो मराठी लगते ही नहीं.” ते आम्ही प्रशस्तिपत्रासारखे जपून ठेवले होते. त्या टेबलाशेजारी बसून, त्या सहकाऱ्याच्या देखत, ‘काय बाबा, कुठले गाव?’ असे म्हणणे म्हणजे इतक्या वर्षांचे सोंग एका वाक्यात उतरवणे होते. शिवाय मराठी उघडली की नाती उघडतात, नाती उघडली की चहा येतो, मग कोणाच्या तरी भाच्याची बदली येते. हेही भय होतेच. बाहेर राहणाऱ्या आपल्यापैकी कोणास हे भय माहीत नसेल तर त्याचे आम्ही अभिनंदन करतो. गणेशोत्सवाला पहाडगंजच्या बृहन्महाराष्ट्र भवनाकडे पावले वळविणारे, मुलांना घरी अट्टहासाने मराठी बोलावयास लावणारे आम्हीच, दहा ते सहा या वेळात ती बोली अंगावरच्या डागासारखी झाकतो.

या ठिकाणी हनुमानाचे आणखी एक रूपांतर आठवते. लंकेत शिरताना तो मांजराएवढा झाला हे सर्वांना माहीत असते. पण सुंदरकांडातले त्याचे खरे अवघड रूपांतर देहाचे नव्हे, भाषेचे आहे. अशोकवनात झाडावर बसून तो विचार करतो: हिच्याशी कोणत्या भाषेत बोलू? पंडितासारखी संस्कृत वाणी काढली तर ही मला रावणच समजेल आणि भिऊन जाईल. व्याकरणशुद्ध भाषणाबद्दल याच हनुमानाची रामाने लक्ष्मणापाशी वाखाणणी केली आहे. सुंदर बोलता येणे ही त्याची मिरवण्याजोगी विद्या. ती येथे तो बाजूस ठेवतो आणि साधी माणसांची बोली बोलण्याचे ठरवितो. का? समोरचे माणूस भ्यालेले आहे, म्हणून. दूताच्या सोयीचा किंवा मानाचा प्रश्नच त्याच्या चिंतनात येत नाही. काम बिघडवतो तो स्वतःला पंडित समजणारा दूत, अशा अर्थाचाही एक विचार तो त्याच वेळी करतो, आणि आमच्यासारख्या पदवीधर कारकुनाने तो वाचून पुस्तक थोडा वेळ मिटून ठेवावे हे योग्यच होय.

कामरूपी प्राण्यांच्या साऱ्या कथांत आणखी एक गोष्ट सारखी आढळते. रूप कितीही पालटले तरी एक खूण पालटत नाही. हडळीची पावले उलटी असतात. भुताची सावली पडत नाही. मोठी मौज आहे ती नळ-दमयंतीच्या कथेत. रघुनाथपंडितांमुळे ती आपल्याकडे घरोघर पोहोचली. स्वयंवरात चार देव नळाचेच रूप घेऊन ओळीत बसतात आणि दमयंतीपुढे पाच नळ उभे राहतात. देवांनी खुणा प्रकट केल्या तेव्हा तिने पाहिले, की चौघांना घाम नाही, त्यांच्या पापण्या लवत नाहीत, त्यांच्या माळा टवटवीत आहेत, अंगावर धूळ नाही, पाय भूमीला टेकत नाहीत. पाचव्याला घाम आहे, धूळ आहे, माळ कोमेजलेली आहे आणि सावली आहे. तिने त्याच्या गळ्यात माळ घातली. भुतांच्या गोष्टीत खोटा ओळखू येतो तो वैगुण्यावरून. येथे खरा ओळखू येतो तो वैगुण्यावरून. माणसाचे मूळ रूप कोठे राहते असे कोणी विचारले, तर ते अशा घामाच्या आणि धुळीच्या जागी राहते, असे आम्ही म्हणू. भाषेपुरते बोलावयाचे तर सुभाषितात, भाषणात किंवा अर्जात नव्हे. ठेच लागते तेथे, स्वप्नात, आणि आकड्यांत.

दुसऱ्या दिवशी ते गृहस्थ दार उघडण्याच्या वेळेलाच येऊन बसले होते. रात्र बंगला साहिब गुरुद्वाऱ्यात काढली असे त्यांनी मागाहून सांगितले. चेहरा काळवंडलेला दिसला. येताच त्यांनी त्यांच्या हिंदीत विचारले, आपत्ती कोणावर आली, घरावर की पोरावर? आम्हांस प्रश्न कळला नाही. म्हाताऱ्याचे डोके फिरले असावे असे वाटून आम्ही हाताने बसा अशी खूण केली आणि त्यांनी आणलेल्या कागदांची जुडी मोजावयास घेतली. सोबतच्या पानांची संख्या पत्रावर लिहिलेली असते. ती जुळली पाहिजे. अंगठा ओला करून आम्ही मोजीत चाललो. शेजारचे टेबल रिकामे होते. मोजताना ओठ हलतात ही आमची जुनी सवय, आणि त्या दिवशी त्यांना थोडा आवाजही असावा.

“...पंचवीस, सव्वीस, सत्तावीस, अठ्ठावीस, एकोणतीस...”

समोरून काहीच आवाज आला नाही म्हणून आम्ही वर पाहिले. ते आमच्या ओठांकडे पाहत होते. दमयंती ज्या दृष्टीने त्या पाचव्या नळाकडे पाहत असेल त्या दृष्टीने, असे लिहिण्याचा मोह होतो. पण तसे नव्हते. त्यात आनंद नव्हता. ताटात आधीपासूनच पडलेली वस्तू आत्ता दिसावी, तसे ते पाहत होते.

“साहेब, तुम्ही आमच्याकडचे?”

आम्ही होय म्हणालो.

“मग सांगा आता, मराठीत सांगा. आपत्ती कसली हाय? काल आमचा नातू बरा नव्हता, त्याला तालुक्याला नेलाय. तुम्ही कागदावर बोट ठेवून आपत्ती म्हणाला. मी म्हटलं, दिल्लीला सरकारात आधी कळलं की काय! रात्री तीनदा गावाला फोन लावला.”

तेव्हा आमच्या ध्यानात आले. हिंदीत आपत्ति म्हणजे हरकत. रोज पन्नास वेळा आम्ही तो शब्द लिहितो, उच्चारतो, शिक्क्यासारखा कागदावर मारतो. मराठीत आपत्ती म्हणजे काय, हे आम्हांस सांगावे लागू नये. आमच्या आईने तो शब्द वडील गेले त्या वर्षाविषयी बोलताना वापरलेला आम्ही ऐकला आहे. दोन्ही भाषा आम्हांस येत होत्या. त्या दोहोंमधील ती खाच त्या सबंध कार्यालयात बहुधा आम्हांलाच दिसू शकत होती, आणि एक म्हातारा आमच्या देखत तीत पडला तेव्हा आम्ही पुढचा कागद उचलला होता.

आम्ही सांगितले. हरकत एवढीच होती, की इंग्रजी लिपीत मुलाचे आडनाव एका कागदावर एका तऱ्हेने व दुसऱ्यावर दुसऱ्या तऱ्हेने लिहिलेले आहे. दोन्ही नावांचा मनुष्य एकच, असे प्रतिज्ञापत्र द्यावे लागेल. ते कोठे होते, किती पैसे पडतात, हेही सांगितले. पाच मिनिटेही लागली नाहीत. नातवाचे विचारले. ताप उतरला होता.

“म्हणजे काही झालेलं नाही?”

“काही झालेलं नाही.”

त्यांनी डोळे पुसले नाहीत, आम्हांस दोष दिला नाही, आशीर्वादही दिला नाही. कालच का सांगितले नाही, असेही विचारले नाही. विचारले असते तर फकिराची गोष्ट आम्हांस तयार होती. पिशवीतून पाण्याची बाटली काढून ते प्याले. मग थोड्या वेळाने, खुर्चीत जरा टेकून, सहज म्हणावे तसे म्हणाले,

“बोलता बरं तुम्ही मराठी. जरा इकडची लागते, पण बरं बोलता.”

कर्कोटकाने नळाला कुरूप केले तेव्हा त्याला एक वस्त्रयुगुल दिले होते. ते पांघरले की मूळ रूप जसेच्या तसे परत मिळावयाचे. तशी सोय त्याच्याचपुरती होती.

शेजारचा सहकारी एव्हाना जागेवर येऊन बसला होता. पानांची मोजणी अर्ध्यात राहिली होती आणि कोणत्या आकड्यावर थांबलो ते आम्ही विसरून गेलो होतो. आम्ही जुडी सरळ केली, अंगठा ओला केला आणि एकपासून पुन्हा मोजावयास लागलो. या वेळी मोठ्याने.